उलटा डोंगर

१

चिंधीबाईची हाक हडळीच्या तोंडी घातली गेली आहे, हे पहिल्यांदा कळलं ते तिच्या सुनेच्या मोबाइलवर.

ठाकुरवाडीच्या वरच्या अंगाला असलेल्या पाड्यावर दुपारची सामसूम होती. तिची सून जिजा कुणीतरी पाठवलेला एक नवा गेम उघडून बसली होती. पडद्यावर बंदूकवाला एक माणूस धुक्यातून डोंगर चढत होता. एवढ्यात झाडीतून हाक आली. शेळ्या परत बोलावताना चिंधीबाई घालते तीच, उंच जाऊन शेवटाला तुटणारी. पाठोपाठ पांढऱ्या केसांची हडळ पुढे झेपावली आणि त्या माणसानं तिच्या तोंडावर गोळी झाडली. ओसरीवर भात पाखडत बसलेल्या चिंधीबाईनं सूप खाली ठेवलं. मोबाइल मागून घेतला, आपलाच आवाज पुन्हा ऐकला आणि ती आत निघून गेली. त्या दिवसापासून तिनं शेळ्यांना हाक घालणं बंद केलं.

हे सगळं समीक्षा ठोंबरेनं आयशा नजेला सांगितलं ते चौक गावातल्या तिच्या ऑफिसात. ऑफिस कसलं, गॅरेजच्या वरची एक खोली. आयशा वाहन विम्याच्या दाव्यांची तपासणी करायची. कुठली गाडी खरंच आदळली आणि कुठली आदळवली, हे तिला पत्र्यावरच्या पोच्यावरून समजायचं. काही वर्षांपूर्वी समीक्षाच्या वडिलांच्या टेंपोचा दावा कंपनीनं खोटा ठरवला होता. तो खरा असल्याचं आयशानं दाखवून दिलं, तेव्हापासून ही ओळख.

समीक्षाचा दहिवलीत गेम बनवण्याचा छोटासा स्टुडिओ होता. ती आणि बाकीचे तिघं. दोन वर्षं खपून त्यांनी एक गेम बनवत आणला होता. धुक्यात हरवलेल्या शेळ्या शोधायला निघालेली डोंगरातली एक मुलगी, एवढीच गोष्ट. हाक चिंधीबाईची, तिच्याच अंगणात रेकॉर्ड केलेली. ती देताना तिनं एकच अट घातली होती, की ह्या हाकेवर कुणाचा जीव जाता कामा नये.

"आयशाताई, पाड्यावर सगळे म्हणतात मीच विकली," समीक्षा म्हणाली. "त्या गेममधला डोंगर आमचा, पायवाट आमची, वाघोबाचं ठाणं आमचं, हाकही आमची. बंगळुरूच्या कुठल्याशा कंपनीनं आमच्या आधी बाजारात आणलं. घरातल्याच कुणीतरी दिल्याशिवाय हे होणं शक्य नाही."

"संशय कुणावर आहे?"

"आमच्यातल्याच एकावर, तालिबवर. त्याचा लॅपटॉप मी सगळ्यांसमोर उघडून बघितला. त्यात त्याच कंपनीचा मेल सापडला."

२

दहिवलीच्या स्टुडिओत आयशा गेली तेव्हा तालिबची खुर्ची रिकामी होती. उरलेले दोघं एकमेकांकडे पाठ करून बसले होते. पडदे ओढलेले, बोलणं बंद. एकानं फोन उचलला की दुसऱ्याचे कान टवकारले जात होते. माणसं एकमेकांना अशी जोखू लागली की सगळीच गुन्हेगार दिसायला लागतात, हे आयशाला अनुभवानं ठाऊक होतं, आणि म्हणूनच तिनं अजून कुणाच्याच चेहऱ्यावर विश्वास ठेवायचा नाही असं ठरवलं.

ऋतिक भोईर हा प्रोग्रामर. तिशीच्या आतला, बोलायला तुटक. गेममधलं आपल्याला ओ की ठो कळत नाही, तेव्हा अगदी मुळापासून सांग, असं आयशानं त्याला सांगितलं. मग तो जरा खुलला. प्रत्येक गेमच्या पोटात एक इंजिन असतं, तो म्हणाला. उजेड कसा पडायचा, दगड कसा गडगडायचा, कोण कशाला आदळायचं, हे सगळं ते इंजिन सांभाळतं. आपण फक्त डोंगर, झाडं, माणसं, आवाज आणून त्यात बसवायचे. अशी तयार इंजिनं दोन-चार आहेत. स्टुडिओ एक वापरतो, बंगळुरूची कंपनी दुसरंच.

"आणि मॅडम, हा आमचा डोंगर नाहीच," त्यानं दोन्ही गेम शेजारी शेजारी लावले. "बघा ना. आमच्यात पायवाटेनं वर जाताना वाघोबा उजव्या हाताला लागतो. ह्यांच्यात डाव्या."

आयशा बराच वेळ दोन्ही पडदे न्याहाळत राहिली. मग तिनं पर्समधला छोटा आरसा काढला आणि एका पडद्यापुढे धरला. आरशातला डोंगर आणि दुसऱ्या पडद्यावरचा डोंगर, रेषेला रेष जुळत होती.

"तुझाच आहे," ती म्हणाली. "उलटा झालाय फक्त. असं होतं का?"

ऋतिकच्या चेहऱ्यावरचा रंग उतरला. होतं, तो म्हणाला. काही इंजिनं दिशा डाव्या हाताच्या हिशेबानं मोजतात, काही उजव्या. एकातला डोंगर नीट न बदलता दुसऱ्यात नेला, तर तो आरशातल्यासारखा उलटा उतरतो.

"हे तुला पुस्तकातून कळलं, की करून बघितलंस?"

मागे बसलेल्या दुसऱ्या सहकारी रियाची खुर्ची करकरली. ती वळून त्याच्याकडे बघत होती. ऋतिकनं मान खाली घातली.

"करून बघितलं. घरी. ह्याच दुसऱ्या इंजिनात. समीक्षाला सांगितलं नव्हतं."

३

आपलं इंजिन संथ चालतं, ते बदलावं, असं ऋतिकचं म्हणणं होतं. त्यावरून त्याचं नि समीक्षाचं वाजलंही होतं. म्हणून त्यानं घरी गुपचूप प्रयोग केला होता, डोंगर उलटा झाला, नाद सोडला. घरच्या कॉम्प्युटरवर तो प्रयोग अजून पडून होता. त्यानं तो आयशाला उघडून दाखवला. डोंगर उलटा होता खरा. पायवाट होती, वाघोबा होता, त्याच्या बाजूला माळावर एक डेरेदार उंबर होता. बंगळुरूच्या गेममध्ये तिथं उंबर नव्हता, नुसता मोकळा माळ होता. हा फरक आयशानं मनात ठेवला आणि ती तालिबकडे गेली.

तालिब चित्रकार. डोंगर त्यानं घडवलेला, कड्याकड्यावर स्वतः हिंडून. घर दहिवलीतच. दार त्याच्या बायकोनं, लुबनानं उघडलं आणि सलाम न घेताच ती बाजूला झाली.

"आपा, तुम्हीपण लॅपटॉप बघायला आलात का?" तालिबनं विचारलं.

"नाही. तुझं ऐकायला आले."

तो सरळ बोलला. त्या कंपनीत नोकरीसाठी त्यानं मुलाखत दिली होती. वर्ष होऊन गेलं होतं. त्यांनी गेममध्ये काय करावं लागेल ते सांगितलं, ते त्याला रुचलं नाही आणि त्यानं नाही म्हणून कळवलं. नाही म्हटल्याचा मेलही त्याच लॅपटॉपमध्ये होता, पण पहिला सापडल्यावर पुढचं वाचायला कुणी थांबलं नाही.

लुबना आतून म्हणाली की ह्यातलं अक्षरही तिला माहीत नव्हतं. घर सोडून बंगळुरूला जायचा विचार नवऱ्याच्या मनात येऊन गेला, हे तिला समीक्षाच्या तोंडून कळावं, ह्याचाच तिला जास्त राग होता.

"मग समीक्षाला कसं कळलं?" आयशानं विचारलं. "तिनं तुझाच लॅपटॉप का उघडला?"

"ते मलाही समजलेलं नाही. मी कुणाला म्हणजे कुणालाच बोललो नव्हतो."

आयशानं तिथूनच समीक्षाला फोन लावला. उत्तर ऐकून तिनं फोन ठेवला आणि लुबनानं पुढे केलेला चहा तसाच राहिला. तालिबच्या मुलाखतीची खबर समीक्षाला दिली होती राजेशदादांनी.

४

राजेश कडू खालापूरचे. पन्नाशीचे, गोडबोले, कामाला वाघ. गेम बनवणाऱ्यांची आणि तो बाजारात आणणाऱ्या कंपन्यांची गाठ घालून द्यायची, हे त्यांचं काम. समीक्षाच्या गेमसाठी तेच धावपळ करत होते. चोरी झालेला गेम स्टुडिओच्या माणसांत सगळ्यात आधी त्यांनाच दिसला, तिला धीरही त्यांनीच दिला.

अंगणात खुर्च्या मांडून त्यांनी आयशाचं स्वागत केलं. त्यांच्या मते प्रकरण सरळ होतं. डोंगर तालिबचा, मुलाखत तालिबची. "तुमच्यातला आहे, तुम्हाला जड जाईल," ते म्हणाले. हे वाक्य आयशाला नवं नव्हतं.

गेमशी त्यांचा स्वतःचा संबंध किती, असं तिनं विचारलं. काहीच नाही, ते हसले. बटणं दाबायला बोटं वळत नाहीत, आपण रियानं बनवलेले व्हिडिओ कंपन्यांना दाखवतो, तेवढंच. मागे पुण्याच्या प्रदर्शनात गेम मांडायचा होता, त्यासाठी स्टुडिओचा लॅपटॉप ते आधीच खालापूरला घेऊन आले होते. पण घाटात दरड आली, रस्ते बंद झाले, प्रदर्शन हुकलं. बॅग आणली तशी परत केली, चेनसुद्धा उघडली नाही, असं ते म्हणाले.

मग ते समीक्षाविषयी बोलायला लागले आणि त्यांच्या आवाजातला गोडवा पातळ झाला. पोरगी गुणी, पण हट्टी. बंदूक नको, रक्त नको, भूत नको. अशानं गेम कुणी घेतो का? "बरं, जो आहे तोही कच्चा. वाघोबाच्या उजव्या अंगाला मोकळ्या माळावर ती मुलगी अडकून बसते, पुढं सरकत नाही. असला माल घेऊन मी कुणाच्या दारात उभा राहू, सांगा."

आयशानं मान हलवली, पाणी प्याली आणि निघाली. परतीच्या वाटेवर तिला एकच गोष्ट खुपत होती. तालिबनं जे बायकोलाही सांगितलं नाही, ते ह्या माणसाला कंपनीशिवाय दुसरं कोण सांगणार? पण नुसत्या खबरीवरून कुणाला चोर म्हणता येत नाही. तसं म्हणूनच तर तालिब घरी बसला होता.

५

रिया म्हसकर आवाजांचं काम बघायची. शिवाय गेम पूर्ण झाला की तो खेळून त्यातल्या चुका शोधणं हेही तिच्याकडेच. आयशानं तिच्यावरही दोन दिवस संशय धरला होता. चिंधीबाईची मूळ हाक तिच्याकडे होती आणि आल्यापासून ती नजर चुकवत होती. कारण अगदीच साधं निघालं. तिनं ती हाक हौसेनं फोनच्या रिंगला लावली होती आणि आता ते कबूल करायची तिला लाज वाटत होती.

"मला खेळून बघायचाय," आयशा म्हणाली. "आधी तुमचा."

रियानं तिच्या हातात कंट्रोलर दिला. पहिल्यांदा मुलगी कड्यावर जाऊन आपटली, मग ओढ्यात पडली. हळूहळू आयशाला जमू लागलं. वाघोबापाशी येताच तिनं मुलीला उजवीकडे माळावर वळवलं. मुलगी सरळ चालत गेली, माळ ओलांडून पलीकडे उतरली. कुठंच अडली नाही. तिनं तीन-चारदा आडवं-तिडवं चालवून पाहिलं.

"इथं ती अडकते म्हणे?"

रियानं चमकून पाहिलं. "तुम्हाला कुणी सांगितलं? ते तर केव्हाच दुरुस्त झालं."

"थांब. आता तो दुसरा लाव."

बंगळुरूचा गेम उलटा, म्हणून इथं वाघोबाच्या डावीकडे वळायचं. बंदूकवाला माणूस मोकळ्या माळावर धावत निघाला आणि मधेच थबकला. पुढ्यात काहीच नव्हतं, गवताची काडीसुद्धा नाही. तरी पाय जागच्या जागी हलत राहिले, माणूस पुढे सरकेना. आयशानं बाजूनं वळसा घातला. वाट मोकळी. परत त्या जागी नेलं, परत तीच धडक.

रिया उभी राहिली होती. "उंबर," ती हळूच म्हणाली. "ताई, हा आमचा उंबर आहे."

तिनं उलगडून सांगितलं. गेममधल्या झाडाचे दोन भाग असतात. एक डोळ्याला दिसणारं झाड आणि दुसरं त्याचं न दिसणारं कवच. माणूस अडतो तो कवचाला. माळावरच्या उंबरामुळे वाट दिसेनाशी होत होती, म्हणून प्रदर्शनाच्या तोंडावर तालिबनं तो काढला. पण दिसणारं झाड तेवढं गेलं. कवच माळाच्या आकारात मिसळून गेलेलं होतं, ते मागे राहिलं. रियाला ते नंतर सापडलं आणि ऋतिकनं त्याच दिवशी काढून टाकलं.

"तेव्हा प्रदर्शनाचा लॅपटॉप कुठं होता?"

"तो आधीच खालापूरला गेला होता. रस्ते बंद होते, त्यामुळे त्यात जुनाच गेम राहिला. परत आल्यावर समीक्षानं तो पुसून नवा टाकला."

"उंबराचं तुम्ही कुणाकुणाला सांगितलं?"

कुणालाच नाही, रिया म्हणाली. ती आणि ऋतिक हसले, चूक काढली, विसरून गेले. व्हिडिओ? तिच्या सगळ्या व्हिडिओंत मुलगी पायवाटेनंच चालते, माळावर पाऊलही टाकत नाही.

आयशानं कंट्रोलर खाली ठेवला. गाड्यांच्या दाव्यात ती नेहमी एकच गोष्ट शोधायची, की धडक नेमकी कुठं बसली ते धडकलेल्या माणसाशिवाय कोण सांगू शकतं. ह्या वेळी धडक नसलेल्या झाडाला बसली होती, आणि ती जागा एका माणसानं तिला आपणहून सांगितली होती.

६

दुसऱ्या दिवशी दुपारी जुन्या हायवेवरच्या चौकच्या ढाब्यावर आयशानं राजेशना चहाला बोलावलं. समीक्षा सोबत होती. तिला आयशानं येताना गाडीत सगळं सांगितलं होतं, आणि मधे बोलायचं नाही असंही बजावलं होतं.

टेबलावर लॅपटॉप उघडा होता. आयशा म्हणाली, समीक्षाला गेम कच्चा असल्याचं पटत नाही, ती मुलगी कुठं अडकते तेवढं दाखवा. आपल्याला हे जमत नाही, असं राजेश म्हणाले खरे, पण समोर गेम चालू होता आणि समीक्षा बघत होती. त्यांनी कंट्रोलर घेतला.

बोटं सराईतपणे फिरली. कडा टाळून, ओढा एका उडीत ओलांडून मुलगी थेट वाघोबापाशी आली, उजवीकडे वळली आणि माळ पार करून पलीकडे गेली. राजेशनी तिला मागे आणलं, पुन्हा त्याच जागेवर नेलं. पुन्हा ती निघून गेली. तिसऱ्यांदा त्यांनी बरोबर ती जागा धरली, जिथं कधीकाळी उंबराचा बुंधा होता.

"इथंच अडायची," ते पुटपुटले.

"अडायची," आयशा म्हणाली. "तुम्ही लॅपटॉप खालापूरला नेलात तेव्हा. नंतर ती चूक निघाली, तुम्हाला कळायचं कारण नव्हतं. आता अडतो तो फक्त बंगळुरूच्या गेममधला माणूस. पण तिथं ती जागा वाघोबाच्या डावीकडे आहे. तुम्ही मला उजवीकडे सांगितलीत. म्हणजे त्यांच्या गेममध्ये बघून नाही सांगितलीत. बॅगेची चेन न उघडता कशी सांगितलीत?"

हायवेवरून एक ट्रक हॉर्न देत गेला, आणि आयशा पुढे बोलत राहिली.

"ऋतिकच्या घरच्या प्रयोगात उंबर उभा आहे. स्टुडिओतल्या गेममध्ये कवचही नाही. झाड गेलंय आणि कवच राहिलंय, असा गेम त्या एका लॅपटॉपशिवाय बाहेर कुठंच गेला नाही. त्या कंपनीनं तुमच्याकडून तोच घेऊन, फोडून डोंगर आणि हाक काढून घेतली. आणि तालिबच्या मुलाखतीचं तुम्हाला त्यांच्याशिवाय कोण सांगणार?"

राजेशनी कंट्रोलर सरळ करून टेबलाच्या कडेला ठेवला. मग ते समीक्षाकडे वळले. त्यांच्या बोलण्यात पश्चात्ताप नव्हता, थकवा होता. दोन वर्षं ते दारोदार फिरले होते. प्रत्येकानं डोंगराचं कौतुक केलं आणि शेळ्या ऐकून हसून वाटेला लावलं. ह्या एका कंपनीला डोंगर हवा होता, शेळ्या नको होत्या. "तुझा गेम कुणी खेळला नसता, बाळा," ते म्हणाले. "आज तो डोंगर घराघरात गेलाय. मी पोचवला."

"आणि तालिब?" समीक्षानं विचारलं.

"तू कुणावर तरी संशय घेणारच होतीस."

समीक्षा उठली आणि बाहेर जाऊन उभी राहिली. आयशानं चहाचे पैसे दिले. राजेश तसेच बसून होते.

७

पुढची लढाई कागदावरची होती. समीक्षाच्या वकिलानं स्टुडिओत जपलेल्या जुन्या प्रतीतली आणि बंगळुरूच्या गेममधली, अशा दोन्ही धडका शेजारी शेजारी मांडून कंपनीला पाठवल्या. रिकाम्या माळावर माणूस का थबकतो, ह्याचं उत्तर तिथं कुणापाशीच नव्हतं. कंपनीनं आधी हात झटकले, मग मुकाट्यानं गेम बाजारातून काढून घेतला. राजेशवरची तक्रार पोलिसांत गेली.

तो निरोप घेऊन समीक्षा पाड्यावर गेली, आयशाही गेली. चिंधीबाईनं सगळं ऐकून घेतलं. चोर सापडला, हडळ गेली, आता तुझी हाक फक्त शेळ्यांच्याच गोष्टीत राहील, असं समीक्षानं तिला समजावलं. जिजाच्या डोळ्यांत समाधान दिसलं. चिंधीबाईच्या नाही.

"माजी हाक तुज्यातूनबी काढ," ती म्हणाली.

त्या हाकेवरच समीक्षाचा सगळा गेम उभा होता.

"तुजा राग नाय गं. पन ती आता माज्या हातची ऱ्हायली नाय. तिकडं मुंबईत पुन्यात पोरं ती ऐकून बिचकली असतील. मी हाक माराया गेली का मलाच ती बाई दिसते. तुमी आनखी वाजवू नका."

समीक्षानं फोन काढला आणि चिंधीबाईसमोरच रियाला सांगितलं, की हाक काढून टाक. मूळ रेकॉर्डिंगसुद्धा ठेवू नकोस. पलीकडून रिया काहीतरी विचारत होती. समीक्षानं तेच पुन्हा सांगितलं आणि फोन ठेवला.

आता ती मुलगी शेळ्यांना कशी बोलावणार, असं आयशानं उतरताना विचारलं. माहीत नाही, समीक्षा म्हणाली, आता पहिल्यापासून विचार करावा लागेल. दहिवली जवळ आली तशी ती अस्वस्थ झाली. तालिबशी बोललात का, असं तिनं विचारलं. ते काम माझं नाही, एवढंच बोलून आयशानं गाडी त्याच्या गल्लीत घातली.

दार तालिबनंच उघडलं. आत या म्हणाला नाही. समीक्षानं उंबऱ्याबाहेर उभं राहून सांगितलं, की राजेशदादांचं ऐकून मी तुझ्यावर संशय घेतला, पुढचा मेल वाचायलाही थांबले नाही, चुकलं. तालिबनं शांतपणे ऐकलं. लुबना त्याच्या मागे येऊन उभी राहिली होती.

"संशय सगळ्यांसमोर घेतलात," तो म्हणाला. "हे मात्र मला एकट्याला सांगताय."

समीक्षानं ऋतिकला फोन लावला. रियाला घे आणि आहेस तसा तालिबच्या घरी ये, असं सांगितलं. फोन ठेवून ती तिथंच पायरीवर बसली. गल्लीतली माणसं येता-जाता बघत होती. तालिबही आत गेला नाही, दाराला टेकून उभा राहिला.

स्टुडिओ काही लांब नव्हता. थोड्याच वेळात गल्लीच्या तोंडाशी मोटरसायकल वळताना दिसली, तशी समीक्षा उठली, कपडे झटकले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात बोलायला लागली.